घरात किती माणसं?

१२ फेब्रुवारी

ताई,

सुखरूप पोचले. एवढंच लिहून पाकीट चिकटवायचा विचार होता. तू बसपर्यंत आली नाहीस, दारातही उभी राहिली नाहीस, तेव्हा मीही एका ओळीवर भागवावं असं मनात होतं. पण नाक्यावर एक प्रकार झाला आणि तो तुझ्याशिवाय कुणाला सांगावा ते कळत नाही.

सरहद्दीवर नेहमीसारखं सगळ्यांना खाली उतरवलं. खिडकीतल्या तरुण अधिकाऱ्याने पासपोर्ट पाहिला, शिक्का मारला, आणि तो परत देताना त्याची नजर माझ्या बोटावर गेली. ही शाई कसली, म्हणाला.

माझे हात कधी कुणी निरखून पाहत नाही. लग्न होऊन या कपडे रंगवायच्या दुकानात आले तेव्हापासून नखांच्या कडा कधी निळ्या, कधी तपकिरी, कधी दोन्ही. पण या वेळी तुझ्याकडे होते तितके दिवस पिंपात हात गेला नाही, आणि तू तर रोज दुपारी मला समोर बसवून नखांवर लिंबाची फोड चोळलीस. चिखलात खेळून आल्यासारखे हात घेऊन माझ्या घरात फिरू नकोस, म्हणालीस. स्वतःचे इतके स्वच्छ हात मी कितीतरी वर्षांत पाहिले नव्हते. त्यावर मतदानाची शाई एकटीच उठून दिसत होती.

मी खरं ते सांगून टाकलं. बहिणीकडे गेले होते, तिथे नगरपालिकेची निवडणूक होती, तिच्याबरोबर जाऊन मत देऊन आले. बाजारातून भाजी आणली म्हणावं तसं बोलले. तो म्हणाला, तुम्ही आमच्या देशाच्या नागरिक आहात ना? म्हटलं, लग्नापासून. मग तिकडच्या मतदारयादीत तुमचं नाव कसं? म्हटलं, जन्म तिथला, राहिलं असेल. त्याने पासपोर्टचा नंबर उतरवून घेतला. मागची मंडळी चुळबुळायला लागली होती, म्हणून असेल, मला जाऊ दिलं.

काही होणार नाही, असं मी बसभर स्वतःला बजावत आले. तरी घरात शिरल्यावर पिशवीही न उघडता काळ्या रंगाचं पिंप तापवलं आणि पाणी सोसवेल इतकं निवल्यावर त्यात बोट बुडवून बसले. जन्म रंगात गेला तरी ही अक्कल. ती शाई नखाच्या मुळाशी शिरली आहे. काळ्यातसुद्धा ती वेगळी काळी दिसते. नख वाढेल तशी पुढे सरकेल, तेव्हाच जाईल.

फोन केला होता. वाजून वाजून थांबला. भांडण भांडणाच्या जागी ठेव आणि उचल.

तुझी धाकटी

६ मार्च

ताई,

नोटीस आली. पोस्टमन आला तेव्हा मी रंगवलेले पडदे वाळत घालत होते. ओल्या हाताने सही केली, ती पसरली.

मजकूर तुला सोपा करून सांगते, कारण मलाही तो पुन्हापुन्हा वाचल्यावर कळला. इथल्या कायद्याला दोन देशांचं नागरिकत्व चालत नाही. माणसाला देश एकच. इथल्या नागरिकाने आपल्या इच्छेने दुसऱ्या देशातला नागरिकाचा हक्क वापरला, म्हणजे तिथला पासपोर्ट घेतला किंवा तिथे मत दिलं, तर त्याचं इथलं नागरिकत्व ‘आपोआप संपुष्टात येतं’. माझं तसं संपुष्टात आलं असं का समजू नये, याचा खुलासा मागितला आहे.

त्या ‘आपोआप’पाशी मी अडकले आहे. दूध आपोआप नासतं, कच्चा रंग आपोआप उडतो, ते समजतं. पण माणूस स्वतःच्या पलंगावर झोपलेला असताना त्याचा देश आपोआप कसा संपतो? सकाळी उठले, भट्टी पेटवली, एका गिऱ्हाइकाशी तपकिरी की बदामी यावर हुज्जत घातली, तेव्हा मी इथली होते की नव्हते?

माझं वाचन सगळं रद्दीवरचं, तुला माहीत आहे. रंगवलेले कपडे गुंडाळायला जे कागद यायचे ते वाचून मी शिकले. हे हसायचे, गिऱ्हाईक ताटकळतंय आणि तू त्याच्या कोटाभोवतीची बातमी वाचत बसलीस. पण कायदा कुणी रद्दीत टाकत नाही. म्हणून सार्वजनिक वाचनालयात जाऊन पुस्तक मागून घेतलं. ओळीखाली बोट धरून वाचायची माझी सवय. शाईचं बोट खाली आणि वर तेच कलम. समोरचे गृहस्थ एकदा बोटाकडे, एकदा पुस्तकाकडे बघायला लागले, तेव्हा मी हात बदलला.

तुमच्याकडचा कायदाही तिथेच मिळाला. तोही तसाच. मी इथलं नागरिकत्व घेतलं त्या दिवशी तिथलं संपलं. तिथे माझं उरलंय ते फक्त यादीतलं नाव. म्हणजे इथलं गेलं तर मी कुठलीच नाही. दुकानाचा परवाना नागरिकालाच मिळतो, कारण रंगाचं पाणी नदीत सोडायचं असतं. राहायची खोली परवान्याबरोबरची. ज्या पलंगावर हे गेले, त्या खोलीत राहायला मला परदेशी बाई म्हणून मुदत मागावी लागेल. तीही देतील की नाही, ठाऊक नाही.

कोर्टाजवळच्या वकीलबाईंकडे गेले. त्यांचे विटलेले काळे कोट माझ्याकडेच परत काळे व्हायला येतात. त्या म्हणाल्या, काकू, कायद्यात एक सवलत आहे. तिकडच्या यादीतून नाव कमी झाल्याचा दाखला जूनअखेरपर्यंत आणून दिला आणि इथे नव्याने शपथ घेतली, तर झालं ते माफ होतं.

नाव कमी करायचा अर्ज त्या घरातल्या कर्त्या माणसाने करायचा असतो. आई-बाबांच्या मागे त्या घरात तू एकटीच. ताई, एवढं कर. अर्धा दिवसही मोडायचा नाही.

धाकटी

२७ मार्च

ताई,

पत्र मिळालं नाही असं म्हणू नकोस. काल तुझ्या शेजारणीला फोन लावला, जिची पांढरी शाल मी तुझ्याकडे असताना चहाच्या पाण्यात रंगवून दिली तिला. म्हणाली, ताई अगदी बरी आहे, ही काय इथेच बसली आहे. मग फोनवर हात ठेवल्यासारखं झालं. मग म्हणाली, अगंबाई, आत्ताच उठून गेली वाटतं. तुझी शेजारीण खोटं बोलायला फार कच्ची आहे.

मी तुझ्यावर रागावलेले नाही, हे आधी वाच. यादीत माझं नाव कसं राहिलं ते मला मतदानाच्या रांगेतच कळलं होतं. हीच शेजारीण मागे उभी राहून सांगत होती. दर खेपेला यादीवाला दारात येतो, घरात किती माणसं विचारतो, आणि तुझी ताई म्हणते, दोघी. तो म्हणतो, धाकट्या बाई कधी दिसत नाहीत. ही म्हणते, आत्ताच बाहेर गेली. इतकी वर्षं मी ‘आत्ताच बाहेर’ गेलेली आहे. रांगेतल्या बायका हसल्या, तूही हसलीस, मीही हसले.

वकीलबाई म्हणतात, यादीवाल्याला असं सांगणं हा तुमच्याकडे गुन्हा आहे. म्हणून तू कचेरीत जायला बिचकतेस का? की अजून तेच धरून बसली आहेस, मी निघताना झालं ते? इथेच राहा, आता तिथे तुझं कोण आहे, म्हणालीस. मी म्हटलं, माझी पिंपं आहेत. पिंपं म्हणजे माणसं का, म्हणालीस आणि भांडी आपटायला लागलीस. मला तेव्हा याहून चांगलं उत्तर सुचलं नाही. अजूनही सुचलेलं नाही. एवढंच कळतं की पिंपाच्या पलीकडच्या बाजूला हे उभे राहायचे, आणि ती जागा मी सोडून आले तर ती कुणीच राखणार नाही.

काहीतरी लिही. नुसतं ‘नाही’ लिहिलंस तरी चालेल. पोस्टमनची सायकल गल्लीच्या तोंडाशी वाजली की मी हात पुसून दारात येते.

धाकटी

१९ एप्रिल

ताई,

आज पहिली सुनावणी झाली. वकीलबाईंनी मला पढवून ठेवलं होतं. मत इच्छेने दिलं का, असं विचारतील. त्यावर म्हणायचं, नाही. बहिणीने नाव राहू दिलं, बहिणीने नेलं, मला काही उमगायच्या आत शाई लागली. इच्छाच नव्हती म्हटलं की कलम लागत नाही. मग दाखलाही नको आणि तुझी मनधरणीही नको. पिंप ढवळता ढवळता मी ते पाठ केलं होतं.

अधिकारी माझ्याच वयाचे. चष्मा कपाळावर सरकवून तो टेबलावर शोधत बसणारे. त्यांनी सगळी फाईल चाळली आणि विचारलं, “बोट तुम्ही स्वतःहून पुढे केलंत?”

त्या सकाळी टेबलामागच्या बाईने यादीतून माझं नाव वाचलं, आठवतं तुला? माहेरचं, बाबांच्या नावासकट, सगळ्या खोलीला ऐकू जाईल असं. इथे मी आधी रंगवाल्या वहिनी होते, आता काकू आहे. ह्यांनी ठेवलेलं लाडाचं नाव त्यांच्याबरोबर गेलं. ते गेल्याला वर्ष होऊन गेलं, तेव्हापासून मला कुणी नावाने हाकच मारलेली नाही. आणि त्या बाईने ते नाव असं वाचलं, जणू ती मुलगी अजून आहे आणि आता उठून येईल. मी उठले. तू मला ढकललं नव्हतंस. तू मागे कुणाशी तरी बोलत होतीस.

मी म्हटलं, “हो. स्वतःहून.”

वकीलबाईंनी पेन खाली ठेवलं. बाहेर आल्यावर त्यांनी फाईल पिशवीत कोंबली. मग म्हणाल्या, काकू, तुमच्यासारखे पक्षकार भेटत राहिले तर मला रंगाच्याच दुकानात काम शोधावं लागेल. मी म्हटलं, या, पण नखं जातील.

आता दाखल्याचीच एक वाट उरली, आणि ती तुझ्या हातात आहे. सगळं तुझ्यावर ढकलून मला मोकळं होता आलं असतं, हे तुला कळावं म्हणून लिहीत नाही. थोडं त्यासाठीच लिहिते आहे.

धाकटी

२० मे

ताई,

हल्ली माझा रंग चुकतो. एका शाळेचे गणवेश गडद निळे करायचे होते, ते जांभळट निघाले. पाण्यात मीठ घातलं की नाही ते आठवेना, म्हणून पुन्हा घातलं. सगळे गणवेश परत उकळावे लागले. असं पूर्वी झालं असतं तर ह्यांनी महिनाभर चिडवलं असतं.

काल जनगणनेवाली आली होती. तरुण पोरगी, पाठीवर पिशवी, चेहरा उन्हाने लाल झालेला. तिला आत बोलावून पाणी दिलं. तिने विचारलं, घरात किती माणसं? मी म्हटलं, दोघं.

तिने तसं लिहिलं. दुसऱ्यांचं वय विचारलं, मी सांगितलं. काम विचारलं, म्हटलं रंगारी. मग म्हणाली, ते आहेत का घरात? त्यांनाही दोन प्रश्न विचारायचेत. तेव्हा मला कळलं मी काय करून बसले ते. आणि तुला सांगते ताई, त्या क्षणी माझ्या तोंडात जे आलं ते असं होतं, आत्ताच बाहेर गेलेत.

ते मी गिळलं. ते वारले, म्हटलं. तिने खाडाखोड केली. निघताना पाण्याचं भांडं मात्र स्वतः विसळून पालथं ठेवून गेली.

मार्चमध्ये मी रागावले नाही असं तुला लिहिलं, ते खरं नव्हतं. चांगली रागावले होते. आपली एकुलती एक बहीण, एक अर्ज करायला तिचा हात उचलत नाही, असं म्हणून मी भिंतीशी भांडत होते. कालपासून तसं होत नाही. दारात उभ्या असलेल्या परक्या माणसाला एक माणूस कमी करून सांगायला तोंड उघडत नाही, हे आता मला कुणी समजावून सांगायला नको.

पण जून येऊन ठेपला. मी इथे परदेशी ठरले, तर पुढच्या वेळी हे दार उघडायलाही मी नसेन. वकीलबाई रोज विचारतात, आला का? मी मान हलवते. शाई नखाच्या मध्यावर आली आहे.

तुझीच

१८ जून

ताई,

दाखला मिळाला. पाकीट उलटं करून झटकलं, उजेडात धरून पाहिलं. आत दुसरं काही नव्हतं. वरचा पत्ता तेवढा तुझ्या अक्षरात.

नाव यादीतून कमी केलं आहे. कारण, मृत्यू.

वाचलं आणि मी होते तिथेच बसले, ओल्या फरशीवर. मग मला हसू यायला लागलं, कारण खाली दोन साक्षीदारांच्या सह्या आहेत आणि पहिली तुझ्या शेजारणीची. जिला फोनवर एवढंसं खोटं निभावता आलं नाही, तिने माझ्या मरणाची साक्ष दिली. अंगावर मी रंगवलेली शालच असेल.

तू असं का केलंस ते मला कळतं. लग्न होऊन गेली असं सांगितलं असतंस तर त्यांनी विचारलं असतं, कधी? मग इतकी वर्षं काय सांगत होतात? जानेवारीत मत द्यायला कोण आलं होतं? मेलेल्या माणसाबद्दल इतकं खोदून कुणी विचारत नाही. तू घाबरलीस आणि तरी गेलीस. सगळा विचार करून गेलीस.

मग मृत्यूची तारीख वाचली आणि हसू थांबलं. मी तुझ्या दारातून पिशवी घेऊन निघाले आणि तू पाठ फिरवून भांडी आपटत होतीस, तो दिवस तू सांगितला आहेस.

रागाने सांगितलास की तोच एक दिवस तुझ्या ध्यानात होता, हे मी किती वेळ ठरवत बसले. ठरत नाही.

वकीलबाईंनी कागद पाहून कपाळाला हात लावला. जिवंत बाईने आपल्याच मरणाचा दाखला घेऊन अधिकाऱ्यांपुढे कसं उभं राहायचं? खोटा आहे म्हटलं तर तू अडकतेस. खरा आहे म्हटलं तर मी. दुसरा मागवायला वेळ नाही. त्या म्हणाल्या, काकू, निदान या वेळी तरी मला बोलू द्या. मी हो म्हटलं आहे.

धाकटी

२९ जून

ताई,

झालं.

अधिकाऱ्यांनी दाखला वाचला. चष्मा शोधला, तो कपाळावर सापडला, लावून परत वाचला. मग माझ्याकडे पाहिलं.

“यात तुम्ही वारलात असं लिहिलंय.”

“हो, साहेब.”

“हे खरं आहे का?”

वकीलबाई उठायला लागल्या. मी त्यांच्या हातावर हात ठेवला. काय बोलणार ते मलाही माहीत नव्हतं.

“त्या गावापुरतं खरं आहे,” मी म्हटलं. “जिचं नाव यादीत होतं ती तिथे आता नाही, आणि परत जाणार नाही. माझ्या बहिणीला इतकी वर्षं हे तोंडातून काढता येत नव्हतं. आता तिने काढलं.”

ते कागदाकडे बघत राहिले. बाहेर कुणीतरी मोटारसायकल सुरू करत होतं, ती सुरू होत नव्हती. मी मनातल्या मनात दुकान बंद केलं, पिंपं रिकामी केली, पलंगाकडे एकदा पाहून घेतलं. आणि मग ते म्हणाले, दुसरीकडे नाव उरलेलं नाही, एवढंच आमच्या कायद्याला पाहायचं असतं. ते का उरलं नाही, हे मी विचारायचं कारण नाही. त्यांनी दाखला फायलीत लावला, मजकुराची बाजू खाली करून.

शपथेला हात वर धरायचा असतो. नखाच्या टोकाला शाईची बारीक कड उरली होती. ती त्यांना दिसली, मलाही दिसली. त्यांनी शपथ पुढे वाचली.

तर मी आता इथली. फक्त इथली. दुकान राहिलं, खोली राहिली. गणवेशही शेवटी हवे तसे निळे झाले. पण तुझ्याकडे येणं मात्र संपलं, ताई. वकीलबाई म्हणतात, नाक्यावर तिकडच्या माणसाने नाव ताडून पाहिलं तर मेलेली बाई चालत आलेली दिसेल, आणि मग तुमच्या बहिणीला धरतील. तेव्हा आता येणं तुलाच आहे. बहिणीला भेटायला येणाऱ्यांना परवानगी मिळते, मी चौकशी केली आहे. कुणाकडे चाललात विचारतील, तेव्हा माझं सासरचं पूर्ण नाव सांगावं लागेल. ते तू आजवर एकदाही उच्चारलेलं नाहीस. पाठ कर.

जनगणनेची पोरगी आज परत आली होती, खाडाखोड झालेलं पान नवं करून घ्यायला. तिने पुन्हा पहिल्यापासून सगळं विचारलं. घरात किती माणसं? मी ‘एक’ म्हटलं. म्हणायला इतका वेळ लागला की तिने मान वर करून पाहिलं.

थंडीत तुझ्याकडेही यादीवाला येईल. सवयीने दोघी म्हणशील. म्हणू नकोस. धाकटी बाहेर गेली आहे असंही सांगू नकोस. एक म्हण, दार लाव, आणि मग मला फोन कर. मी काम टाकून उचलीन. माहेरच्या नावाने हाक मार. ते आता कुठल्याच यादीत नाही. तुझ्या तोंडात आहे, तेवढंच.